ओढणीचं टोक

आधीच सांगून टाकते, मी असल्या गोष्टींवर विश्वास ठेवणारी बाई नाही. माझा जन्म रत्नागिरीजवळच्या खाडीकाठचा. आमच्याकडे प्रत्येक वळणावर आणि प्रत्येक चिंचेखाली कुणी ना कुणी बसवलेलं असायचं. कुणाला हाक ऐकू यायची, कुणाला पैंजण. मी त्याच वाटेने पाणी भरून आणायची, मला कधी साधं मांजर आडवं गेलं नाही. तुमच्या या ग्रुपवरचे अनुभव नात मला वाचून दाखवते, तेव्हाही निम्म्यांना मी हसते. राग मानू नका. पण एक गोष्ट आहे... साठ वर्षं झाली, तिला मला हसता आलेलं नाही.

शाळा माझी चौथीपर्यंत. पुढचं सगळं वाचन गावाकडून पार्सलला गुंडाळून येणाऱ्या पेपरांवर झालं, तेव्हा शुद्धलेखन सांभाळून घ्या.

चौसष्टचा उन्हाळा. आम्ही कुवेतला होतो. माझे मिस्टर शर्क या समुद्राकाठच्या भागात, मासळी बाजाराजवळ, एका दुकानात कामाला. होड्यांचे दोर, जाळी, नांगर विकायचं दुकान. मालक यूसुफ, कुवेती. माणूस चांगला, पण त्याचा शब्द मोडलेला त्याला खपायचा नाही. मिस्टरांची नोकरी त्याची, आमची राहायची खोली त्याची, आणि त्याच्या आईला सांभाळायचं काम माझं. तिला सगळे ‘यम्मा’ म्हणायचे, म्हणजे आई. मीही तेच म्हणायची.

यम्मा आंधळी होती. पण हात धरलेला तिला चालायचा नाही. “मी काय दूधपिती आहे?” म्हणायची. ती माझ्या ओढणीचं टोक मुठीत धरून मागून चालायची. खांद्याला मी सेफ्टीपिन लावायची, नाहीतर ओढणी तिच्याकडे आणि मी पुढे! आमच्या खुणा ठरलेल्या. एक हिसका म्हणजे थांब, समोर काय आहे ते सांग. दोन हिसके म्हणजे चल. आणि सांगायचं म्हणजे नीट सांगायचं हं! ‘कोळंबी आहे’ एवढ्यावर भागायचं नाही. केवढी, कुठल्या टोपलीत, विकणारा तोच का, त्याची दाढी पिकली का... माझ्या तुटक्या अरबीत मी तोवर आठ वर्षं तिला सगळं शर्क सांगितलं होतं.

आता जे लिहिते ते लिहायला जड जातं.

यूसुफने गावाबाहेर नवीन बंगला बांधला आणि शर्कमधलं जुनं घर सोडलं. आम्हालाही बंगल्याच्या आवारात खोली मिळाली, शेजारच्या खोलीत माझी धाकटी जाऊ शरीफा. जुनं घर म्हणजे समुद्रातल्या दगडाचं आणि मातीचं, पण दार सागवानी, आपल्याच बाजूच्या लाकडाचं, त्यावर पितळेच्या फुल्या. यम्मा त्या घरात सून म्हणून आली होती. दर शुक्रवारी ती हट्टाने गाडीतून शर्कला यायची, “माझं घर बघायला”. मग रस्ता रुंद करायला ती अख्खी गल्ली पाडली. घरही गेलं. यूसुफ मला बाजूला घेऊन म्हणाला, “हलीमा, आईचं हृदय कमजोर आहे. घर आहे तिथेच आहे, असंच सांगायचं. तिला कळलं तर ते तुझ्याकडूनच कळलं असं मी समजेन.”

काय करणार होते मी? दर शुक्रवारी तिला दुसऱ्या गल्लीने न्यायची आणि आमच्या दुकानाच्या गोदामाच्या मागच्या भिंतीवर तिचा हात टेकवायची. तसाच दगड, तशीच माती. “ही तुझी भिंत, यम्मा. दाराला कुलूप आहे. वर कबुतर बसलंय.” ती भिंतीवरून हात फिरवायची. दोन वर्षं मी हे केलं. मुलं सांभाळून, कपडे धुऊन माणूस थकत नाही तेवढी मी त्या एका भिंतीने थकले होते.

तर त्या उन्हाळ्यात यूसुफची फॅमिली लेबनॉनला निघाली, बैरूतच्या वरच्या डोंगरात. तेव्हा कुवेतची पैसेवाली मंडळी गरमीत तिकडेच जायची. डॉक्टरने यम्माला विमानाला नाही म्हटलं. दोन लहान मुली होत्या, म्हणून यूसुफची बायको नूरा हिने मला बरोबर घेतलं, आणि यम्मापाशी शरीफाला ठेवलं. निघायच्या सकाळी यम्मा म्हणाली, “तुझी एक ओढणी ठेवून जा.”

“कशाला?”

“धरायला. आणि सगळं बघ. परत येऊन सांग. गाळू नकोस काही.”

मी जुनी हिरवी ओढणी तिच्या खाटेवर ठेवली.

तिकडे गेल्यावर एका बुधवारी यूसुफने बसची एक दिवसाची सहल घेतली. जॉर्ज नावाचा गाइड, मिशा केवढ्या, चार भाषा बोलणारा. सकाळी सात वाजता निघायचं, डोंगर ओलांडून बेकाच्या खोऱ्यात द्राक्षांचे मळे, मग दारू मुरवतात ते तळघर, झहलेला नदीकाठी जेवण, आणि मग डोंगरावरची दगडी जुनी गावं... किल्ला, देऊळ, सात-आठशे वर्षांच्या पायऱ्या. सगळं एकाच दिवसात! युरोपातली पाहुणी मंडळी नकाशे घेऊन बसलेली. मी मांडीवर धाकटी आणि हातात पिशवी घेऊन बसलेली, कारण प्रत्येक वळणाला थोरली ओकत होती. पहिल्या गावाला पोचेपर्यंतच माझं अंग आंबलं होतं.

मळ्यात सगळे उतरले. नूरा दोन्ही मुलींना घेऊन पुढे गेली. मी मागे रेंगाळत होते, आणि माझी ओढणी ओढली गेली. एकदा.

आज मला नवल वाटतं ते याचं, की मी घाबरले नाही. आठ वर्षांची सवय हो! पाय आपोआप थांबले आणि तोंड आपोआप सुरू झालं. “वेली आहेत, यम्मा. माणसाच्या कंबरेएवढ्या. रांगेत लावल्यात, नमाजाला उभ्या राहिल्यासारख्या. माती तांबडी, आमच्या गावासारखी. घड अजून हिरवे आहेत, एखादाच काळा पडलाय...”

मग दोन हिसके. मी चालायला लागले.

आणि मग डोक्यात लख्ख झालं, यम्मा तर कुवेतला. मागे वळून पाहिलं तर कुणी नाही. वेलीत अडकली असेल, म्हणून मी ओढणी आवरून घेतली.

नूराने ऐकलं होतं. “कुणाशी बोलतेस हलीमा? डोंगराला अरबी शिकवतेस? तुझी अरबी शिकला तर गेला बिचारा कामातून!”

तळघराशी पाहुणे आत गेले. यूसुफ आणि आम्ही बायका बाहेरच थांबलो. ऊन फार होतं म्हणून मी दाराच्या कमानीत सावलीला उभी राहिले. आतून गार वारा येत होता आणि आंबूस वास. अंधारात मोठमोठी पिंपं, एकावर एक. तिथे पुन्हा एक हिसका.

आता हज करून आलेल्या म्हातारीला मी काय सांगू? की मी दारूच्या दारात उभी आहे? यूसुफ चार हातांवर सिगारेट ओढत होता. मी तोंडातल्या तोंडात म्हटलं, “काही नाही यम्मा, भिंत आहे.”

दोन हिसके आले नाहीत. काहीच नाही. ओढणी नुसती ताणलेली राहिली, कुणी टोक धरून उभं असावं तशी. बऱ्याच वेळाने सैल झाली.

शेवटचं गाव सगळ्यात उंच. गाडी खालीच. पायऱ्या अशा, की वर बघितलं तरी गुडघे दुखावेत. जॉर्ज ओरडून सांगत होता, “ज्यांनी या बांधल्या ते मरून गेलेत, शिव्या त्यांना द्या, मला नको!” सगळे हसले. धाकटी माझ्या कडेवर झोपलेली. पाय सुजून चपलेत मावत नव्हते. अर्ध्या वाटेवर नूराने मुलीला घेतलं आणि म्हणाली, “बस जरा, उतरताना तुला घेऊ.” मी पायरीवर बसले. दगडी घरं, खिडक्यांत कुंड्या, खाली अख्खं खोरं पसरलेलं. आणि मला त्यातलं काही नको होतं. फक्त डोळे मिटायचे होते.

हिसका आला.

मी गप्प बसले. परत एक. परत.

“पुरे, यम्मा!” मी चक्क ओरडले. “सोड. थकले मी. मला काही दिसत नाही!”

त्यावर असा जोराचा ओढा आला की सेफ्टीपिन वाकून उघडली, खांद्याला टोचली, आणि ओढणी मागच्या पायरीवर जाऊन पडली. मी वळले. पायऱ्या रिकाम्या. वारा नव्हता, कुंड्यांतलं पान हलत नव्हतं. ओढणी उचलली तर टोकाला मूठभर जागा चुरगळलेली आणि दमट होती. दर शुक्रवारी घरी आल्यावर असायची तशी.

तेव्हा मात्र मी घाबरले. बसमध्ये मी ओढणी गुंडाळून मांडीवर घट्ट धरून बसले. नूराला वाटलं, ऊन लागलं.

त्यानंतर दोन आठवड्यांनी परत आलो. कुवेतच्या विमानतळावर दार उघडल्याबरोबर भट्टीसारखी हवा तोंडावर आली, आणि खरं सांगते, बरं वाटलं. खोलीवर शरीफा वाटच बघत होती.

“आलीस बाई! तुझी म्हातारी माणसाला वेड लावेल. एक दिवस तर तुझी ओढणी खाटेच्या पायाला बांधून बसली आणि नुसती ओढतेय! दाव्याला बैल बांधलाय जसा. जेवायलासुद्धा सोडली नाही.”

“कधी गं?”

“पाण्याचा टँकर आला तो बुधवार. तुम्ही जाऊन दुसरा आठवडा संपत आलेला.”

मी बोटांवर मोजलं. सहलीचा तोच बुधवार. तशीच यम्माकडे गेले. ती खाटेवर बसली होती. मी पाया पडल्यासारखी खाली बसले आणि पढवलेल्या पोपटासारखी सुरुवात केली. “यम्मा, द्राक्षांचे मळे होते, रांगेत...”

“नमाजाला उभ्या राहिल्यासारख्या,” ती म्हणाली. “ते सांगितलंस. माती तांबडी. पुढचं सांग. पुढे तू भिंत म्हणालीस.”

ती थांबली नाही.

“कसली गं भिंत ती, हलीमा? जिच्यातून गार वारा येतो? आंबलेल्या फळाचा वास येतो?”

“यम्मा... ते शराबचं तळघर होतं. मला लाज वाटली.”

ती हसली. मोठ्याने. “अगं, मी आंधळी आहे, फरिश्ता नाही! सांगितलं असतंस तर काय प्यायला मागणार होते?” मग हसू थांबलं. तिने हात पुढे करून माझी नवी ओढणी चाचपली, टोक मुठीत घेतलं. “तू ‘भिंत’ हा शब्द एका विशिष्ट तऱ्हेने म्हणतेस. भरभर. पुढचं कुणी विचारू नये अशी. दर शुक्रवारी तशीच म्हणतेस.”

तिने टोकाला एक हिसका दिला.

“माझं घर कुठे आहे?”

डोळ्यासमोर यूसुफ आला, मिस्टरांची नोकरी आली, ही खोली आली. ‘आहे तिथेच आहे’ म्हटलं तर सगळं राहत होतं. आणि मी इतकी थकले होते... “पाडलं, यम्मा,” मी म्हटलं. “दोन वर्षं झाली.”

ती रडली नाही. छातीला हात लावला नाही. मीच रडत होते. ती एवढंच म्हणाली, “शुक्रवारी मला तिथे ने. भिंतीकडे नाही. तिथे.”

मिस्टरांना सांगितलं तेव्हा ते म्हणाले, “सामान बांधून ठेव. पण म्हातारीला ने.”

शुक्रवारी नेलं. असरची नमाज झालेली, ऊन उतरलं होतं. जिथे तिची चूल होती तिथे डांबरी रस्ता होता, कडेला दोन मोटारी उभ्या. मी थांबले. मागून हिसका आला, एक.

“काही नाही, यम्मा,” मी म्हटलं, सावकाश म्हटलं. “दार नाही. अंगण नाही. सपाट डांबर आहे. मोटारी आहेत, एक पांढरी, एक निळी. तुझ्या घरामुळे इथून समुद्र दिसायचा नाही. आता दिसतो.”

ती पायाने डांबर चाचपत उभी राहिली. मग म्हणाली,

“मग समुद्र सांग.”

सूर्य बुडून मगरिबची अजान होईपर्यंत मी सांगत होते.

यूसुफला कळलं. आठ दिवस तो माझ्याशी बोलला नाही, मिस्टरांशीही नाही. पुढच्या शुक्रवारी तो स्वतः गाडी घेऊन आला, आईला त्या मोकळ्या जागेवर घेऊन गेला, आणि मला म्हणाला, “तू गाडीत बस. आज मी सांगतो.” बांधलेलं सामान मी परत लावलं. यम्मा पुढे चार वर्षं जगली.

आता माझ्या मुलाचं घर कुवेतमध्येच, सलव्यात आहे, मी तिथेच असते. नातीला हे सांगितलं तर ती इंग्लिशमध्ये म्हणते, “दादी, यू वर जस्ट टायर्ड.” थकले तर होतेच. थकलेल्या माणसाला काय वाटेल ते वाटतं, हे मलाही कळतं. ओढणी वेलीत अडकली असेल. शरीफाचा बुधवार चुकला असेल. पण मळ्यातल्या वेली नमाजाला उभ्या आहेत हे मी त्या दिवशी फक्त एकदा बोलले होते, तेही बेकाच्या खोऱ्यात, मराठी बाईच्या मोडक्या अरबीत. ते कुवेतमधल्या खाटेवर कसं पोचलं?

यम्माला मी एकदा विचारलं होतं. ती म्हणाली, “मला काय माहीत? मी फक्त टोक धरलं होतं.”

वाकलेली सेफ्टीपिन अजून माझ्या डब्यात आहे. मी ती सरळ केलेली नाही.