हप्ता तेवढाच हाय

सुलाबाईंच्या माहेरी आणि सासरी, दोन्हीकडं, हप्ता म्हणजे घरात येणारा पैसा. इस्लामपूरच्या पट्ट्यात या शब्दाला दुसरा अर्थ फारसा कुणी लावत नाही. ऊस कारखान्याला जातो, मग टनामागं पहिला हप्ता पडतो, पुढं दुसरा, आणि नशीब बरं असेल तर दिवाळीच्या तोंडावर शेवटचा. पारावर दोन माणसं भेटली की 'बरं हाय का'च्या आधी 'औंदा हप्ता किती?' हा प्रश्न येतो. हप्ता वाढला की गावात मटण शिजतं. अशा मुलखात वाढलेल्या सुलाबाईंना वयाच्या एकोणचाळिसाव्या वर्षी कळलं, की जाणारासुद्धा हप्ता असतो. त्याचं पुरतं गणित उमगायला आणखी पंधरा वर्षं गेली, आणि तोवर त्यांच्या नवऱ्याच्या दोन्ही गुडघ्यांची वाट लागली होती.

नवरा म्हणजे दादासो. पलटणीतले हवालदार. लग्न नव्वद सालचं. तेव्हापासून सुलाबाईंचा संसार हा सुट्टीचा संसार. वर्षाला दोन महिने माणूस घरी, दहा महिने त्याचं पत्र. बाई सातवी शिकलेली, पण हे गणित तिला कागदाशिवाय येत असे: दादासो पेन्शनवर आले तोवर लग्नाला एकोणीस वर्षं झाली होती, आणि त्यातला नवरा वाट्याला आला होता तीन वर्षं आणि दोन महिने. निवृत्तीच्या तोंडावर तर गृहस्थांनी न विचारता दोन वर्षांची मुदतवाढ घेतली. तेव्हा सुलाबाई चार दिवस कुणाशी बोलल्या नव्हत्या. मुदतवाढ या शब्दाचा त्यांना तेव्हापासून राग.

तर हे दादासो एकदाचे घरी आले, आणि आल्या आल्या म्हणाले, "सांगलीत घर घ्यायचं." मुलगी प्रियदर्शनी तेरा वर्षांची होती, हुशार होती, तिच्या शिक्षणासाठी शहरात राहायला हवं होतं. विश्रामबागेत एका इमारतीत दुसऱ्या मजल्यावर दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि पाटाएवढी गॅलरी असा फ्लॅट त्यांनी पसंत केला. पलटणीतून मिळालेले पैसे त्यात घातले आणि उरलेल्या बारा लाखांचं कर्ज काढलं. हप्ता अकरा हजार आठशे सतरा रुपये. असे एकशेऐंशी हप्ते, म्हणजे पंधरा वर्षं. घर पाहावं बांधून आणि लग्न पाहावं करून असं आपल्यात म्हणतात. म्हणणाऱ्यानं बँकेतून घर घेतलेलं नव्हतं, नाहीतर लग्न सोपं असतं हे त्यानं मोकळेपणानं सांगितलं असतं.

पेन्शनवर घर आणि हप्ता दोन्ही भागेना, म्हणून दादासो एका कॉलेजच्या फाटकावर गार्ड म्हणून लागले. सकाळी सात ते संध्याकाळी सात, रविवारीसुद्धा, महिन्यातून एक दिवस सुट्टी. तो पगार सगळा हप्त्यात जाई, कमी पडेल तेवढं पेन्शनमधून. पहिल्या दिवशी नवी वर्दी चढवताना त्यांनी बायकोला शब्द दिला.

"एकशेऐंशी हप्ते, सुला. शेवटचा गेला की दुसऱ्या दिशी वर्दी उतरवणार. मग आपुन दोगं गावाकडं रानात ऱ्हायचं."

"तवा तरी ऱ्हाल न्हवं माज्यासंगं?"

"जवानाची जबान हाय."

सुलाबाईंना दुसरं काही नकोच होतं. घर शहरात असो की बांधावर, त्यात नवरा असावा एवढीच त्यांची मागणी. त्यांनी एकशेऐंशी हा आकडा मनाशी धरला आणि कामाला लागल्या.

त्या पंधरा वर्षांची आठवण निघाली की त्यांचा जीव आजही हळवा होतो, कारण ती वर्षं वाईट नव्हती. नव्या घरात पहिल्या दिवशी दूध उतू घालवलं तेव्हा ते इतकं उतू गेलं की शेगडी धुता धुता दोघं हसत सुटली होती. चकचकीत फरशीवर चालायचं कसं हे सासरच्या मातीच्या जमिनीवर अर्धं आयुष्य काढलेल्या बाईला कळेना, म्हणून पहिला महिनाभर त्या भिंतीला धरून चालत होत्या. महिन्यातल्या त्या एका सुट्टीला दादासो त्यांना स्कूटरवर बसवून हरिपूरला संगमावर नेत. येताना मार्केट यार्डाकडून यायचं, कारण हळदीच्या दिवसांत तिकडची हवासुद्धा पिवळी वाटे आणि सुलाबाईंना तो वास आवडे. एकोणीस सालच्या पुरात तर खालच्या भागातले चौदा पाहुणे आठ दिवस या दोन खोल्यांत राहिले. बायका स्वयंपाकघरात झोपल्या, पुरुष जिन्यात. पिठलं-भात करून करून हात दुखले, पण 'आपल्याकडं लोक आले' या अभिमानानं सुलाबाईंची मान ताठ होती. घराचे सगळे पैसे त्या आठ दिवसांत वसूल झाले असं त्या आजही सांगतात.

एवढंच, की त्या सगळ्या वर्षांत दादासो घरी असत ते जेवायला आणि झोपायला.

आता त्या पत्राचं सांगायला हवं. घर घेऊन दोन वर्षं झाली असतील, बँकेचं एक पत्र आलं. व्याजाचा दर वाढला आहे, एवढं दादासोंना समजलं. ते तडक बँकेत गेले. तिथं खिडकीवर त्यांनी एकच प्रश्न विचारला, तोच, जो त्यांच्या बापानं आणि आज्यानं कारखान्याच्या ऑफिसात विचारला असता.

"हप्ता किती?"

"हप्ता तेवढाच आहे," खिडकीतल्या माणसानं सांगितलं, आणि ते खरंच होतं.

माणूस हवेत तरंगत घरी आला. येताना चार पुड्या भेळ. "सुला, व्याज वाढलं पर हप्ता तेवढाच हाय! बँक लय चांगली हाय आपली." सुलाबाईंनी भेळ खाता खाता पत्र उलटंपालटं केलं. बराच मजकूर इंग्रजी होता, पण खाली मराठीत एक ओळ होती, तिच्यात 'सुधारित मुदत' असे दोन शब्द होते.

"आवं, हे मुदत काय लिवलंय?"

"ते बँकेचं असतंय, तसंच लिवत्यात. आपला हप्ता तेवढाच हाय न्हवं?"

पत्र घडी घालून काळ्या ट्रंकेत गेलं. पुढं दरवर्षी एखादं येई, ते तर न फोडताच ट्रंकेत जाई. पलटणीनं दादासोंना कागद जपायला शिकवलं होतं, वाचायला शिकवलं नव्हतं. किती हप्ता, हे विचारायचं त्यांच्या रक्तात होतं. कुठवर हप्ता, हे विचारायची त्या मुलखात कुणाला कधी गरजच पडली नव्हती.

सोळा साली पेन्शनच्या फरकाचे एक लाख रुपये एकदम आले. सुलाबाईंनी आयुष्यात पहिल्यांदा काही मागितलं: "तुमी ऱ्हायलासा ती जागा मला दावा." मग दोघं रेल्वेनं पार पठाणकोटपर्यंत गेली. तिथल्या एका फाटकाबाहेर उभं राहून दादासोंनी हात करून दाखवलं, ती बघ बराक, त्या तिथं बसून तुझी पत्रं वाचायचो. आत जाता आलं नाही. सुलाबाई तारेच्या कुंपणापलीकडं बघत कितीतरी वेळ उभ्या होत्या. परतताना अमृतसर पाहिलं, मुलीसाठी शाल घेतली, आणि लाख रुपये कुठं गेले हे कळलंसुद्धा नाही. आयुष्यातले सर्वांत चांगले बारा दिवस कुठले, असं विचारलं तर त्यांचं उत्तर ठरलेलं आहे.

पुढं प्रियदर्शनी इंजिनिअर होऊन पुण्याला गेली, तिचं लग्न झालं. दादासोंचे गुडघे जिना चढताना बोलू लागले. सुलाबाई मोजत राहिल्या, आणि गेल्या एप्रिलात एकशेऐंशीवा हप्ता गेला.

दुसऱ्याच दिवशी रजा काढून दोघं बँकेत गेली. दादासोंनी कडक इस्त्रीचा सदरा घातला होता, सुलाबाईंच्या हातात अर्धा किलो पेढे. घराचे कागद परत घ्यायचे होते. सृष्टी नावाची पंचविशीतली अधिकारी मुलगी होती. तिनं कॉम्प्युटरवर पाहिलं, पुन्हा पाहिलं, आणि हळूच म्हणाली, "काका, अजून चव्वेचाळीस हप्ते आहेत."

"आवं, एकशेऐंशी झालं की! मोजल्यात हिनं."

"बरोबर आहे काका. पण मधे दर वाढला ना. दर वाढला की आपण हप्ता तेवढाच ठेवतो आणि मुदत वाढवतो. तशी पत्रं आली असतील तुम्हाला."

पेढ्यांचा पुडा टेबलावर तसाच. मुलगी बिचारी चांगली होती, तिनं कागद छापून समोर ठेवला. बोलल्या त्या सुलाबाई.

"बाळ, मला एक सांग. ह्यो हप्ता भरला, त्यातलं घराचं किती आनि व्याजाचं किती?"

सृष्टीनं बोटानं दाखवलं. पहिल्या महिन्यात अकरा हजार आठशेतले साडेआठ हजार व्याजाला, सव्वातीन हजार कर्जात. दर वाढल्यावर जवळजवळ दहा हजार व्याजाला. सुलाबाई ओठ हलवत हिशेब करू लागल्या, आणि तो रुपयांचा नव्हता. सुरुवातीला महिन्यातले बावीस दिवस हा माणूस फाटकावर उभा राहिला तो व्याजासाठी, आठ दिवस घरासाठी. पुढं पंचवीस दिवस व्याजासाठी, पाच दिवस घरासाठी. बारा लाखांच्या घराचे एकवीस लाख भरून झाले होते, आणखी पाच लाख भरायचे होते, पण त्यांच्या डोळ्यांपुढं ते पंचवीस दिवसच येत राहिले.

"मधे कधी लाखभर जादा भरले असते ना काकू, तरी पुष्कळ फरक पडला असता," मुलगी म्हणाली. "सोळा साली आलं हुतं लाखभर," सुलाबाई म्हणाल्या. मुलीनं आकडे मांडून सांगितलं, "तेव्हा भरले असते तर सत्तावीस हप्ते कमी झाले असते."

सुलाबाईंनी नवऱ्याकडं पाहिलं. मग त्या म्हणाल्या, "त्ये पठाणकोटला गेलं, बाळ. त्येचं काय वाटत न्हाई." पेढे त्यांनी तिलाच दिले. आणलेले पेढे परत नेण्याइतक्या त्या कोत्या नव्हत्या.

घरी आल्यावर दादासो पलंगावर बसून गुडघे चोळत म्हणाले, "चव्वेचाळीसच तर हाईत. ह्ये काय आत्ता जातील. मी हाय अजून धट्टाकट्टा." सुलाबाई स्वयंपाकघरात गेल्या आणि पदर तोंडाला लावून रडल्या. वयाची साठी गाठेपर्यंत हा माणूस पुन्हा फाटकावर, आणि आपण पुन्हा मोजत बसायचं. पत्रातली ती ओळ आपण वाचली होती, विचारलंही होतं, मग हट्टानं पुन्हा का विचारलं नाही, याचा त्यांना स्वतःचाच संताप आला.

पण रडून झाल्यावर ही बाई स्वस्थ बसणारी नव्हती. खालच्या मजल्यावरच्या चंद्राबाई आपल्या खोल्या भाड्यानं देत. आठ दिवस सुलाबाईंचं तिथं येणंजाणं वाढलं. नवव्या दिवशी दादासो कामावरून आले, तेव्हा चहाचा कप पुढं ठेवून त्यांनी सांगून टाकलं.

"दवाखान्यात काम करनाऱ्या तीन पोरी हाईत. साडेबारा हजार भाडं देनार. एक तारखेपास्नं येत्यात ऱ्हायला."

"कुटं?"

"हितं. आपुन जायचं गावाकडं. भाड्यातनं हप्ता जाईल, पेन्शनवर आपुन दोगं खाऊ. कवा फिटायचं तवा फिटंल त्ये."

दादासो उभेच राहिले. एवढी वर्षं वापरलेल्या त्या खोलीकडं त्यांनी असं पाहिलं, जणू कुणी ती हातातून काढून घेतंय. त्यांचा आवाज बारीक झाला.

"पंधरा वरसं उभा ऱ्हायलोय ह्या घरासाठी, सुला. आनि आत्ता परक्या पोरी ऱ्हानार व्हय? मग घर कुनाचं म्हनायचं ह्ये?"

"कागदावर बँकेचं, ऱ्हायला पोरींचं," सुलाबाई म्हणाल्या. "मला काय करायचंय त्येचं? तुमी तेवढं माजं व्हा. तुमचं हप्तं मी नव्वद सालापास्नं भरतीया, आनि मुदत मी वाढवून देनार न्हाई."

दादासो खाली बसले आणि चहा प्याले. एक तारखेला दोघं गावाकडं राहायला गेली.