संचालक पुंजाराम

पुंजारामला देवानं डोळ्यातच टेप दिला होता. सोयगावला असताना बाई दुकानात शिरली, की तिच्या ब्लाऊजचं माप त्याच्या डोक्यात तयार असायचं. मग शहरात, उस्मानपुऱ्यात दुकान टाकलं, कारागीर नऊ झाले, आणि हा शहाणा कात्री सोडून फिरत्या खुर्चीत जाऊन बसला. तीन वर्षं कापडाला हात नाही. दिवसभर निवाडे करायचे: पंख्याखाली कोण बसणार, आणि रजा मागणाऱ्यांत कोणाच्या सासूचं तेरावं खरं. पाठ धरली, झोप उडाली, पण केबिनवर पाटी ‘संचालक’.

मंगळवारी सोयगावच्या साळूबाई नातीच्या लग्नाचं ब्लाऊजपीस घेऊन आल्या. “पुंज्या, तूच काप. ह्या पोरट्यांच्या हाती द्यायचं नाय.”

पुंजाराम हरखून उठला. पण कारागीर एकमेकांच्या कात्र्या पळवायचे, म्हणून त्यानंच सगळ्या कात्र्या केबिनमधल्या कपाटात कुलूपबंद केल्या होत्या. चावी मॅनेजरकडं. मॅनेजर रजेवर. रजेच्या अर्जावर सही पुंजारामचीच.

“लई मोठा सेठ झालास रे! घरची कात्री घावंना तुला,” म्हणत साळूबाईंनी पिशवी उचलली.

तेव्हा कुठं ह्याचं डोकं ठिकाणावर आलं. टेबलावरची ‘यशस्वी उद्योजक’ लिहिलेली पितळी ट्रॉफी त्यानं कुलपावर हाणली. तिसऱ्या घावाला कुलूप तुटलं. ट्रॉफीचा झालेला हा पहिलाच उपयोग.

आवाजानं साळूबाई दारातूनच माघारी फिरल्या. केबिनचं दार लावून तो त्यांचं कापड अंथरतोय तोच सुदर्शन कारागीर दार ठोठावू लागला. “सेठ, भारत पंख्याखालची जागा सोडंना!”

“सेठ रजेवर हाय,” पुंजाराम आतून ओरडला. “हजेरीत मांडून घे.”