मेजरकाका ओरडत नसत

सामना चालू असताना कडेला उभं राहून न ओरडणारा फुटबॉलचा प्रशिक्षक मी एकच पाहिला. नेदरलँड्समधल्या डेल्फ्टच्या वाऱ्यात शेजारच्या मैदानावरचे डच प्रशिक्षक घसा फोडत असायचे आणि आमचे मेजरकाका मफलर गुंडाळून शांत उभे. कुणी चुकलं की खुणेने जवळ बोलवायचे आणि आपल्याला वाकून ऐकावं लागेल इतक्या हळू सांगायचे, "चेंडू पळतोय ना? मग तू कशाला दमतोस? जागा धर."

ते मूळचे कोल्हापूरचे. तालमीच्या संघातून खेळता खेळता सैन्यात अधिकारी झाले, पलटणीच्या संघाला शिकवलं, निवृत्तीनंतर गावच्या कॉलेजात मुलं तयार केली. मुलगी इथे नोकरीला, म्हणून दर वसंतात तीन महिन्यांच्या व्हिसावर यायचे. आम्ही विद्यापीठातली मराठी मुलं शनिवारी नुसता चेंडू बडवायचो. ते त्यांना बघवेना, म्हणून एके दिवशी सायकल कुंपणाला टेकवून ते आत आले आणि आम्हाला पहिल्यांदा प्रशिक्षक मिळाला.

शिस्त मात्र पलटणीचीच. उशिरा येणाऱ्याला शिक्षा नसे. तो येईपर्यंत बाकीचे सगळे पावसात थांबून राहत. त्याला तेवढं पुरे व्हायचं. सराव संपला की काका मुलीने दिलेला डबा उघडायचे. "थालीपीठ गार झालेलं चालतं, खेळाडू गार झालेला चालत नाही," म्हणत प्रत्येकाच्या हातावर तुकडा ठेवायचे.

असंच खाताना आमच्या विनीतने विचारलं, "काका, तुम्ही चिडत कसे नाही?"

"चिडायचो. लई चिडायचो." काकांनी डब्याचं झाकण लावलं. "पलटणीच्या संघात डावीकडून खेळणारा एक जवान होता. सकाळी सरावात चेंडू घालवला म्हणून सगळ्यांदेखत त्याला नको ते बोललो. दुपारी तो गस्तीवर गेला, तो परत आलाच नाही. माझं त्याच्याशी शेवटचं बोलणं ते."

मग काका उठले आणि चेंडू गोळा करू लागले.

त्या वर्षी आम्ही जवळच्याच कापेल गावच्या स्पर्धेत अंतिम सामन्यापर्यंत पोहोचलो आणि नेमकं त्याच दिवशी काकांचं परतीचं विमान होतं. खेळायचे कपडे घालूनच आम्ही स्टेशनवर त्यांना निरोप द्यायला गेलो. "बास झालं. तुमची गाडी पलीकडच्या फलाटावर लागलीय, पळा," म्हणत त्यांनी आम्हाला पिटाळलं. सामना आम्ही हरलो. विनीतची पेनल्टी गोलच्या वरून गेली.

विमानात बसण्याआधी काकांनी मला फोन केला. मी निकाल सांगितला.

"कुणाला लागलं नाही ना?"

"नाही."

"मग विनीतकडे दे."

विनीत आमच्याकडे पाठ करून ऐकत राहिला. "हो काका," एवढंच म्हणाला. काय बोलणं झालं ते त्याने सांगितलं नाही, आम्हीही विचारलं नाही.

हिवाळ्यात काका कोल्हापूरला झोपेतच गेले. ते सांगायला त्यांची मुलगी मुद्दाम मैदानावर आली. त्या दिवशी आम्ही खेळलो नाही.

पुढच्या वर्षी त्याच स्पर्धेत आम्हाला पेनल्टी मिळाली. कर्णधार म्हणून मी पुढे झालो, तर चेंडू आधीच विनीतच्या हातात.

"मारू का मी?" मी विचारलं.

"नको. काकांनी तेव्हाच सांगितलंय, पुढची पेनल्टी तूच मारायची."

चेंडू खालच्या कोपऱ्यातून आत गेला. विनीतने तो जाळ्यातून काढला, मधल्या रेषेवर आणून ठेवला आणि जर्सीत तोंड खुपसून तिथेच उभा राहिला. पंचांनीही जरा वेळ शिट्टी वाजवली नाही.