मासळीच्या पोटातली मेजवानी

दिघीचे अब्दुस्समद चाचा आता सत्त्याऐंशीचे. त्यातली तीस वर्षं त्यांनी आगरदांड्याच्या लाँचवर सुकाणू धरलं आणि प्रवाशांना एकच गोष्ट ऐकवली: शहजाद्याला गिळणाऱ्या मासळीची. गोष्ट त्यांच्या बावांची, म्हणजे वडिलांची. मूकपटांच्या काळात बावा तंबूत पडद्याशेजारी उभे राहून चित्राला आवाज द्यायचे; ही गोष्ट त्यातल्याच एका सिनेमाची. चाचांनी स्वतः तो सिनेमा कधीच पाहिला नव्हता. एका जुन्या संग्रहात तो सापडला, म्हणून मी लॅपटॉप घेऊन त्यांच्या ओटीवर बसले होते.

“मेजवानी दिसंल ना गं?” चाचांनी तिसऱ्यांदा विचारलं. मासळीच्या पोटात परी शहजाद्याला जेवू घालते, तो त्यांचा सगळ्यात लाडका भाग.

“जिताड्याचं कालवण, तांदळाची भाकरी, वर सांदण!” अमिरुन्निसा चाची सुपारी कातरत म्हणाल्या. “मासळीच्या पोटात बसून मासळीच खातो, असला कसला शहजादा? पन्नास वर्षं सांगतेय, बावांनी थापा मारल्या.”

“सिनेमात हाय म्हणजे हाय!”

मी सिनेमा लावला. चाचांचे ओठ चित्राच्या पुढे धावू लागले. “उघडला जबडा, गेला शहजादा!” आणि खरंच जबडा उघडला. आत परी आली, तिने शहजाद्याचा हात धरला. पाटी आली: पहिला भाग समाप्त. पडदा काळा. दुसरा भाग उघडला तो शहजादा थेट घोड्यावर.

“आणि मेजवानी?”

मी मागे नेऊन पुन्हा दाखवलं. नव्हती.

“कापली असंल कोणी.”

मला खोटं बोलवेना. “नाही चाचा. सिनेमा पुरा आहे, त्या काळच्या नोंदीशी लांबी जुळते.”

चाचीही हसल्या नाहीत. मी त्या काळ्या पडद्याकडे बघत विचारलं, “तंबूत सिनेमा दाखवायच्या मशिनी किती होत्या हो?”

“एकच. रीळ बदलेपर्यंत काळोख. पब्लिक नुसतं बोंबलायचं. मग बावा...”

“बावा काय करायचे?”

“बोलत राहायचे. थांबले तर लोक उठून जायचे ना!”

चाचींनी अडकित्ता खाली ठेवला. “म्हणजे जिताडा बावांनीच रांधला म्हणा की.”

“व्हय,” चाचा हळूच म्हणाले. मग खुर्चीचा हात धरून उभे राहिले, लॅपटॉपच्या बाजूला सरकले आणि घसा खाकरला. “पहिल्यापासून लाव. भाग संपला की थांबव. शहजादा जेवल्याबिगर पुढचा लावायचा न्हाय!”