आयव्ही थ्रॉसेल मरायला तयार नव्हती

आयव्ही थ्रॉसेलला एका जागी बसवणं तिच्या आईलाही कधी जमलं नाही. ग्रिम्सबीच्या गोदीजवळ त्यांचं मासे धुरी देऊन विकायचं दुकान होतं. थोरली बहीण मॉड तासन्‌तास सळयांना मासे टांगत राही. आयव्ही दोन टांगून दाराशी. ती सतरा वर्षांची असताना एक फिरती नाटक कंपनी गावात आली, आणि कंपनी गेली तेव्हा आयव्हीही गेली.

पुढे लंडनबाहेरच्या एका काचेच्या छपराच्या स्टुडिओत तिला मूकपटांत कामं मिळाली. चेहरा नाजूक, डोळे मोठे, त्यामुळे दिग्दर्शक तिला हटकून मारायचे. कधी कालव्यात बुडवून, कधी क्षयानं. अडचण एकच होती. मेल्यावर तिला निपचित पडता यायचं नाही.

"आयव्ही, मेलेली माणसं पापण्या फडफडवत नाहीत!" दिग्दर्शक ओरडायचा.

"मग लवकर पुरा ना मला! किती वेळ पडू?"

बोलपट आले आणि तिच्या तोंडून गोदीवरची बोली ऐकू येऊ लागली. पडद्यावरच्या सरदारांच्या मुली अशा बोलत नाहीत, असं सांगून तिला घरी पाठवलं. मग वर्षानुवर्षं नाटकांचे दौरे. दर आठवड्याला नवं गाव, नवी खोली आणि तोच उकडलेला कोबी. दोनदा लग्न ठरलं, दोनदा तिनंच मोडलं. पडदे कोणत्या रंगाचे घ्यायचे, ही चर्चा सुरू झाली की तिचा जीव गुदमरायचा.

पन्नाशीनंतर टेलिव्हिजननं तिला बोलावलं. मालिका तेव्हा थेट प्रसारित व्हायच्या. चुकलं तर सगळ्या देशासमोर चुकलं. आयव्ही झाली मिसेस क्रॅब, भाडेकरू ठेवणारी तोंडाळ घरमालकीण. इथे गोदीवरची तीच बोली हवी होती. कॅमेऱ्यामागून वाकून पळायचं, पळता पळता एप्रन बदलायचा, धापा न टाकता दुसऱ्या खोलीत शिरायचं. तिच्या पायांची भिंगरी पहिल्यांदाच कुणाच्या तरी कामी आली.

दुसऱ्या वर्षी निर्माते गॅस्कॉइन तिला म्हणाले, "येत्या शुक्रवारी मिसेस क्रॅब जातात."

"कुठे?"

"वर. चुलीपाशी झटका येतो. लोकांना जरा रडायला हवंय, मिस थ्रॉसेल."

तो आठवडा तिनं रस्ते तुडवण्यात घालवला. जेवण जाईना, झोप लागेना. शुक्रवारी प्रसंग सुरू झाला. चुलीपाशी, ती जिथे पडणार होती तिथे, फरशीवर खडूची खूण होती. तिनं छातीवर हात नेला, खुणेकडे पाहिलं, आणि हात खाली घेतला. एप्रन सोडला. खुंटीवरचा कोट चढवला.

"किटली उतरव रे," ती भाडेकरू झालेल्या सिरिलला म्हणाली. "मी चालले."

हे लिहिलेलंच नव्हतं. सिरिलनं आ वासला. "कु... कुठे?"

"बहिणीकडे! मी काय जन्मभर इथे तुमचे बटाटे सोलू?"

आणि ती प्लायवूडचं दार उघडून निघून गेली. सिरिलला पाठ केलेलं एकच वाक्य आठवलं, 'तिचा श्वास थांबलाय.' "तिचा श्वास..." तो रिकाम्या फरशीकडे बघत म्हणाला, "मोकळा झाला असेल बिचारीचा."

गॅस्कॉइन वरच्या नियंत्रण कक्षातून लालबुंद होऊन खाली आले. "तुम्हाला इथे पुन्हा काम मिळणार नाही!"

"ते मेल्यावर तरी कुठे मिळणार होतं?"

ती खरोखरच मॉडकडे गेली. मॉडनं सगळं शेजाऱ्यांच्या टेलिव्हिजनवर पाहिलं होतं. आयव्ही तिथे कपाटं सरकवायची, खिडक्या उघडायची, पुन्हा लावायची.

"बस गं जरा! तुला बघून माझ्या पायांना गोळे येतात," मॉड म्हणाली. मग हळूच, "पस्तावतेयस का?"

"रोज. मी आहे तशी त्यांना चालत होते, मॉड. असं याआधी कुठे झालं होतं?"

"मग मरायचं होतंस ना गुपचूप."

"नाही जमलं."

महिनाभरानं ॲबर्डीनहून फोन आला. तिथल्या नाटकातल्या एका बाईंचा पाय मोडला होता. आयव्हीनं बॅग भरली ती उभ्याउभ्याच. त्यानंतर नऊ वर्षं ती स्कॉटलंडभर नाटकं करत फिरली. टेलिव्हिजननं पुन्हा विचारलं नाही. तिचे मूकपट कुणी जपले नाहीत, आणि त्या शुक्रवारचं थेट प्रसारण कुठे मुद्रित झालंच नव्हतं.

मॉड एकदाच नाटक बघायला गेली. संपल्यावर तिनं धाकटीला घट्ट धरून ठेवलं.

"चांगली करतेस गं. आज राहतेस ना माझ्याबरोबर?"

"राहिले असते," आयव्ही म्हणाली. पण कंपनीची बस बाहेर उभी होती, आणि मंडळी तिला हाका मारत होती.