गुलाबी पाण्याची विहीर

विहिरीत औषध ओतून मी घागर वर ओढली, तर पाणी गडद गुलाबी. काठावरच्या बायका दोन पावलं मागं सरल्या.

अळणावरजवळच्या त्या खेड्यात पटकीचे चार रोगी झाले होते. मी धारवाडहून गेलेला सॅनिटरी इन्स्पेक्टर. पटकी पाण्यातून पसरते, एवढं तेव्हा आम्हाला पक्कं ठाऊक होतं. उपाय म्हणजे परमँगनेट. त्याचे जांभळे खडे बादलीत विरघळवून विहिरीत ओतायचे. दुसऱ्या दिवशी रंग उतरतो, मग पाणी प्यायचं. खबरदारी म्हणून मी मूठभर खडे जास्त टाकले.

"साहेब, हे प्यायचं कसं?" गंगव्वानं विचारलं. तिची जाऊ पटकीनं पडली होती. सगळी सेवा हीच करत होती. कडेवर तीन वर्षांची मुलगी.

"उद्या रंग जाईल. गेल्यावरच प्या."

"आणि आज?"

"घरात भरलेलं असेल ना?" म्हणत मी सायकलवर टांग टाकली. अळणावरला पॅसेंजर गाठायची होती.

ऑफिसात साहेबांनी विचारलं, "विहीर झाली?"

"झाली, सर."

चौथ्या दिवशी पाटलांची तार आली. अकरा नवे रोगी. मी धावत गेलो. विहिरीचा दोर कोरडा होता. पाणी अजून गुलाबीच. सगळं गाव ओढ्यावर पाणी भरत होतं आणि त्याच ओढ्यात, थोडं वरच्या अंगाला, रोग्यांची अंथरुणं धुतली जात होती.

गंगव्वा उंबऱ्यात बसली होती. मुलगी आदल्या दिवशी गेली होती.

"तुम्ही म्हणालात, रंग गेल्यावर प्या," ती हळू आवाजात म्हणाली. "रोज बघून यायचे. रंग गेलाच नाही, साहेब."

तिच्या बोलण्यात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं. मी तिथंच मातीत बसलो.

परत आल्यावर साहेबांना खरं ते सांगितलं. मूठभर जास्त खड्यांचंही.

"रिपोर्टात इतकं लिहायची गरज नाही," ते म्हणाले.

मी लिहिलं. खाली हातपंपाची मागणीही जोडली. आमच्या शहरात तोवर दिवे आले होते, सिनेमा बोलायला लागला होता. त्या गावात पंप पोचायला चार पावसाळे गेले. मधे एकदा पटकी पुन्हा येऊन गेली.

पुढं नवे इन्स्पेक्टर हाताखाली आले, तेव्हा त्यांना एक नियम घालून दिला. औषध मापूनच टाकायचं, रंग उतरेपर्यंत गावात मुक्काम करायचा आणि पहिला पेला सगळ्यांसमोर स्वतः प्यायचा. मंडळी कुरकुरायची, पण राहायची.