मागून साद घालणारे वकील

धारवाडच्या श्रीवत्स वकिलांची बायको भाग्यलक्ष्मी सुभाष रोडवर पोतं अंथरून मेथी विकते, हे साऱ्या गावाला ठाऊक होतं. ठाऊक नव्हतं ते फक्त श्रीवत्स वकिलांना. म्हणजे, होतं हो. पण ते कोर्टातून घरी जाताना मागच्या गल्लीनं जायचे, त्यामुळं दिसायचं नाही.

मुलगी सासरी गेल्यावर भाग्यलक्ष्मीनं रायापूरला वीस गुंठे रान खंडानं घेतलं. मेथी, शेपू, राजगिरा. पहाटे तोडणी, उन्हं चढायच्या आत बाजार. कुणी विचारलं, "वहिनी काय करतात?" की वकील म्हणायचे, "हौस आहे तिला बागकामाची." हौस म्हणे! हौसेनं कुणाच्या टाचा अशा फुटतात? भाग्यलक्ष्मीला त्या शब्दाचा भयंकर राग यायचा. नवऱ्यानं एकदा, एकदाच, चारचौघांत आपल्याला शेतकरी म्हणावं, एवढंच तिला हवं होतं.

एळ्ळ अमावस्येला इकडं शेताला जेवू घालतात. पुढच्यानं भाजी-भाकरी कालवून रानभर घास टाकत जायचं, मागच्यानं तांब्यातलं पाणी शिंपडत मोठ्यानं साद घालायची. "मागं माणूस नसला तर काळी आई उपाशी राहते बघ अक्का," शेजारच्या रानातल्या बाळाबाईनं बजावलं. भाग्यलक्ष्मीनं घरी सांगून टाकलं, "तुम्ही नाही आलात तर बाळाबाईचा नवरा चालेल माझ्यामागं."

वकील आले. कोर्टातून थेट, काळ्या कोटात. बूट बांधावर काढले, पँट वर दुमडली. साद मात्र अशी घातली, की पायाखालच्या शेपूलासुद्धा ऐकू गेली नसेल.

"अहो, कोर्टात तर भिंती हादरवता ना?" भाग्यलक्ष्मी मागं न बघता म्हणाली.

तेवढ्यात बाळाबाईच्या पंगतीतून एक पाहुणा उठून उभा राहिला. वकिलांचाच अशील, परसू. झालं!

"अरे, वकीलसाहेब! शेत तुमचं काय हे?"

सारी पंगत बघायला लागली. वकिलांनी इकडं पाहिलं, तिकडं पाहिलं. चारी बाजूंनी नुसती मेथी. मागची गल्ली कुठंच नव्हती.

"माझं कुठलं, परसू," शेवटी ते म्हणाले. "शेतकरी ह्या, पुढं चालल्यात त्या. मी पाण्याला आहे."

भाग्यलक्ष्मीच्या हातातला घास हातातच राहिला. डोळे भरून आले, आणि पुसायला हात तर भाजीनं माखलेले.

"थांबू नका," ती म्हणाली. "अजून निम्मं रान उपाशी आहे."

मग मागून अशी साद उठली, की बांधावरचे बगळे उडाले.